मोहोरबंद पाकिटाचा इतिहास: निलंबन, चौकशी आणि अडलेली बढती

आजचा विषय ऐकून काहींना वाटलं असेल की हा इतिहासाचा विषय कुठला, हा तर आस्थापना शाखेच्या टेबलावरचा विषय. पण सरकारी फायलीत एक वस्तू अशी आहे की तिचा इतिहास शोधायला गेलं की आपल्या नोकरशाहीची साठ-सत्तर वर्षं उलगडत जातात. ती वस्तू म्हणजे एक साधं पाकीट. त्यावर लाखेची मोहोर. वर लिहिलेलं असतं की अमुक पदावरच्या बढतीसाठी श्री. अमुक यांच्या योग्यतेबाबतचा निष्कर्ष आत आहे, आणि त्यांच्याविरुद्धची शिस्तभंगाची किंवा फौजदारी कारवाई संपेपर्यंत हे उघडायचं नाही. केंद्राच्या परिपत्रकात हा मजकूर जवळजवळ शब्दशः ठरवून दिलेला आहे. मराठीत शासनाने त्याला नाव दिलं 'मोहोरबंद पाकीट'.

ज्याच्या नावाने हे पाकीट असतं, त्याला आत काय आहे ते कळत नाही. आपण पास झालो की नापास, हे पाच वर्षं, सात वर्षं, कधी निवृत्तीपर्यंत कळत नाही. खालचे लोक पुढे निघून जातात. कालपर्यंत ज्याला आपण टिपणी लिहायला शिकवलं, त्याच्यासमोर उद्या आपली फाईल सहीला ठेवावी लागते. हे कुणी ठरवलं? आणि मुळात पाकीटच का? सरळ 'बढती नाही' असं का नाही म्हणून टाकलं?

याचं उत्तर दोन वाक्यांच्या भांडणात आहे. पहिलं वाक्य आपण सगळ्यांनी ऐकलंय: निलंबन ही शिक्षा नाही. दुसरं वाक्य प्रत्येक कार्यालयात पाळलं जातं: निलंबित माणसाला बढती मिळत नाही. शिक्षा नाही म्हणता, मग बढती का अडते? या दोन वाक्यांना एका घरात नांदवायचं कसं, त्याची तडजोड म्हणजे हे पाकीट.

आता थोडं मागे जाऊ. १९३० साली इंग्रज सरकारने नोकरांच्या वर्गीकरणाचे, नियंत्रणाचे आणि अपिलाचे नियम केले. त्यातल्या ४९ व्या नियमात शिक्षांची यादी आहे. ठपका ठेवणे, वेतनवाढ किंवा बढती रोखणे, खालच्या पदावर उतरवणे, नुकसान पगारातून वसूल करणे, मग निलंबन, मग काढून टाकणे आणि बडतर्फी. बघा, निलंबन या यादीत आहे! तेव्हाच्या नियमानुसार निलंबन ही उघडउघड शिक्षा होती. चौकशी चालू असताना घरी बसवणं हा निलंबनाचा दुसरा प्रकारही होताच, पण शब्द एकच.

स्वातंत्र्यानंतर संविधानाच्या ३११ व्या कलमाने सरकारी नोकराला संरक्षण दिलं ते बडतर्फी, सेवेतून काढणं आणि पदावनती या तीन गोष्टींपुरतं. निलंबन त्यात नाही, बढतीही नाही. मग १९५७ साली केंद्र सरकारने नवे शिस्त नियम केले, आणि शिक्षांच्या यादीतून निलंबन हा शब्द निघाला. त्याला स्वतःचा वेगळा नियम मिळाला. १९६५ च्या नियमांत तीच रचना कायम राहिली: नियम १० मध्ये निलंबन, नियम ११ मध्ये शिक्षा. आपल्या राज्याचे १९७९ चे शिस्त व अपील नियमही त्याच वाटेने गेले, तिथे निलंबन नियम ४ मध्ये आहे.

म्हणजे 'निलंबन ही शिक्षा नाही' हे काही सनातन सत्य नाही. १९५७ साली झालेली ती एक नोंद आहे. एका यादीतून एक शब्द खोडला आणि दुसऱ्या पानावर लिहिला. घरी बसलेल्या माणसाच्या आयुष्यात या बदलाने काय फरक पडला, हा प्रश्न तेव्हा कुणी फारसा विचारला नाही.

न्यायालयांनी या नव्या मांडणीला तात्त्विक पाया दिला. गंमत अशी, की तो पाया एका हॉटेलातून आला. दिल्लीच्या इंपीरियल हॉटेलच्या कामगारांच्या वादात १९५९ साली सर्वोच्च न्यायालयाने निलंबनाचं शास्त्र मांडलं, आणि पुढे पंजाबातल्या एका आयसीएस अधिकाऱ्याच्या खटल्यात पाच न्यायमूर्तींनी ते सरकारी नोकरांना लावलं. सूत्र थोडक्यात असं: निलंबनाने नोकरी संपत नाही, नातं टिकतं, फक्त काम करण्याचा हक्क आणि पूर्ण पगाराचं बंधन तात्पुरतं बाजूला राहतं.

कागदावर हे छान दिसतं. पण नातं टिकतं म्हणजे काय ते निर्वाह भत्त्याच्या खटल्यांत दिसतं. १९७३ च्या एका निकालातला माणूस वन खात्यातला, राहायला रीव्याला, आणि त्याची चौकशी लावली जगदलपूरला, सुमारे पाचशे किलोमीटरवर. निर्वाह भत्ता दिलेला नाही. तो चौकशीला गेला नाही, चौकशी एकतर्फी झाली आणि नोकरी गेली. सर्वोच्च न्यायालयाने ती कारवाई रद्द केली, कारण जायला पैसेच नसतील तर बाजू मांडायची संधी दिली असं म्हणता येत नाही. दुसरा खटला खुद्द महाराष्ट्र शासनाचा, १९८३ चा. मुंबई मुलकी सेवा नियमांत अशी तरतूद होती की निलंबित माणसाला खालच्या कोर्टात शिक्षा झाली, आणि त्याचं अपील प्रलंबित असलं, तरी निर्वाह भत्ता महिना एक रुपया. हो, एक रुपया! शून्य म्हणायला लाज वाटली असावी. न्यायालयाने ती तरतूद घटनाबाह्य ठरवली. निर्वाह या शब्दाचा अर्थ जगणं, आणि एक रुपयात कुणी जगत नाही.

हे सांगायचं कारण असं की पगाराच्या बाबतीत 'शिक्षा नाही' हे वाक्य तपासायला न्यायालयांना विसावं शतक संपत यावं लागलं. बढतीच्या बाबतीत तर प्रश्न आणखी नाजूक होता. का, ते बघा.

बढती रोखणं ही नियमांत आजही शिक्षा आहे. किरकोळ शिक्षांपैकी एक, पण शिक्षाच. म्हणजे चौकशी न करता 'तुला बढती नाही' असं म्हटलं, तर ती विनाचौकशी शिक्षा झाली. नियम लिहिणाऱ्यांना ही अडचण माहीत होती. म्हणून नियम ११ च्या खाली एक स्पष्टीकरण आहे: एखाद्याच्या प्रकरणाचा विचार करून नंतर बढती दिली नाही, तर ती शिक्षा मानायची नाही. सगळा खेळ त्या तीन शब्दांत आहे, 'विचार करून नंतर'. विचार करणं सक्तीचं. कारण संविधानाच्या १६ व्या कलमाखाली बढतीचा हक्क कुणालाच नसला, तरी बढतीसाठी आपला विचार व्हावा हा हक्क प्रत्येकाला आहे.

मग प्रशासनाने काय युक्ती काढली? विचार करायचा, पण निष्कर्ष सांगायचा नाही. समजा, तहसील कार्यालयातला एक अव्वल कारकून आहे, नायब तहसीलदाराच्या पदासाठी विचारक्षेत्रात आलेला. त्याच्यावर चौकशी चालू आहे. विभागीय पदोन्नती समिती बसते. समितीने चौकशीकडे बघायचंच नाही, इतरांचे गोपनीय अहवाल बघतात तसेच याचे बघायचे, पात्र की अपात्र ते ठरवायचं, कागदावर लिहायचं, पाकिटात घालायचं, मोहोर लावायची. चौकशीतून तो निर्दोष सुटला तर पाकीट उघडायचं. आत 'पात्र' असेल तर त्याच्या लगतच्या कनिष्ठाला ज्या दिवशी बढती मिळाली, तो मानीव दिनांक धरून त्याला वर घ्यायचं. शिक्षा झाली तर पाकिटातल्या निष्कर्षावर काहीही करायचं नाही, पुढच्या समितीने रीतसर नव्याने विचार करायचा.

केंद्रात ही पद्धत साठच्या दशकातल्या गृह मंत्रालयाच्या परिपत्रकांपासून चालत आली आणि ३० जानेवारी १९८२ च्या परिपत्रकात एकत्र बांधली गेली. युक्ती म्हणून मला ती हुशारीची वाटते. कनिष्ठांचं अडत नाही, समितीला परत परत जुने अहवाल काढावे लागत नाहीत, आणि निर्दोष सुटलेल्याचा हक्क निदान कागदावर जपून राहतो. वाईट होतं ते दुसरंच. पाकीट कधी बंद करायचं, हे नीट ठरलेलं नव्हतं.

'चौकशी चालू आहे' म्हणजे नक्की कधीपासून? तक्रार आली तेव्हापासून? प्राथमिक चौकशी लागली तेव्हापासून? सीबीआयने कागद मागवले तेव्हापासून? कार्यालयात काम केलेल्यांना माहीत आहे की निनावी अर्ज बरोबर बढतीच्या हंगामात येतात. यादी लागायच्या महिनाभर आधी एक पोस्टकार्ड टाकलं, की वरच्या क्रमांकाचा माणूस 'चौकशीत' गेला. प्राथमिक चौकशीला मुदत नाही, त्यामुळे ती कधीच संपत नाही, आणि दोषारोपपत्रही कधी येत नाही. पाकीट मात्र बंद.

हे भांडण आधी उच्च न्यायालयांत जायचं. १९८५ च्या कायद्याने केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण आलं आणि सेवाविषयक खटले तिकडे वळले. २ मार्च १९८७ रोजी न्यायाधिकरणाच्या पूर्णपीठाने रेघ मारली: दोषारोपपत्र दिल्याशिवाय पाकीट बंद करता येणार नाही. सरकारने काय केलं? १२ जानेवारी १९८८ ला नवं परिपत्रक काढलं आणि त्यात एक कलम असं घातलं: लाचलुचपतीसारख्या गंभीर आरोपांचा तपास चालू असेल तरीही पाकीट बंद. म्हणजे न्यायाधिकरणाने पुढचं दार लावलं, तर सरकारने मागचं उघडलं.

शेवटी प्रकरणं सर्वोच्च न्यायालयात एकत्र आली आणि २७ ऑगस्ट १९९१ रोजी निकाल लागला. सेवा कायद्याची तोंडओळख असलेल्या प्रत्येकाला त्याचं नाव माहीत असतं: जानकीरामन निकाल. तो लिहिला न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी. आपल्याकडे सावंतांची आठवण निघते ती मंत्र्यांच्या चौकशीच्या आयोगावरून किंवा निवृत्तीनंतरच्या सभांवरून. पण देशातल्या लाखो कारकुनांच्या, अभियंत्यांच्या, निरीक्षकांच्या आयुष्याला थेट भिडलेला त्यांचा निकाल कोणता म्हणाल, तर माझ्या मते हा.

न्यायालयापुढे प्रश्न तीन होते. कारवाई प्रलंबित आहे असं कधीपासून म्हणायचं? बारीकशी शिक्षा झाली तर बढतीचं काय? आणि निर्दोष सुटलेल्याला काय काय मिळावं?

पहिल्यावर न्यायालयाने न्यायाधिकरणाची बाजू घेतली. विभागीय कारवाईत दोषारोपाचं ज्ञापन, फौजदारीत आरोपपत्र, ते दिल्यावरच पाकीट. त्याआधीची प्राथमिक चौकशी पुरेशी नाही. सरकारचं म्हणणं होतं की गंभीर प्रकरणात पुरावा गोळा करायला वेळ लागतो, तोवर अशा माणसाला बढती द्यायची का? सावंतांनी यावर कार्यालयांतला अनुभवच मांडला. अशा चौकश्या वर्षानुवर्षं रेंगाळतात, हितसंबंधी लोकांनी लावलेल्या असल्या तर मुद्दाम रेंगाळत ठेवल्या जातात, आणि पुष्कळदा त्यातून काहीच निष्पन्न होत नाही. आरोप खरंच गंभीर असतील आणि तुम्हाला कळकळ असेल, तर पुरावा जमवायला इतका वेळ लागू नये.

दुसऱ्या प्रश्नावर मात्र न्यायालय सरकारच्या बाजूला गेलं. न्यायाधिकरणाचं म्हणणं होतं की शिक्षा भोगली, वर बढतीही अडवली, तर एका चुकीला दोन शिक्षा होतात. न्यायालयाने हे मानलं नाही. बढतीसाठी स्वच्छ सेवापुस्तक ही किमान अपेक्षा आहे. ज्याला आत्ताच शिक्षा झाली त्याला मागच्या तारखेपासून बढती देणं म्हणजे गैरवर्तनाला बक्षीस. काही लोकांना हा भाग कठोर वाटतो, विशेषतः शिक्षा नुसत्या ठपक्याची असेल तेव्हा. मला तो पटतो. सोबत काम करणाऱ्या, कसलाही डाग नसलेल्या माणसाचाही काही हक्क असतो.

तिसरा प्रश्न पैशाचा. १९८२ च्या परिपत्रकात होतं की निर्दोष सुटलेल्याला मानीव दिनांक मिळेल, पण मधल्या काळातल्या फरकाचा पैसा मिळणार नाही. कारण सांगितलं जायचं: काम नाही तर पगार नाही. न्यायालयाने विचारलं, काम कुणी केलं नाही? हा माणूस काम करायला तयार होता, तुम्हीच त्याला त्या खुर्चीवर बसू दिलं नाही. त्याची चूक नसताना हे तत्त्व त्याला लावता येणार नाही. अपवाद ठेवले: संशयाचा फायदा मिळून सुटला, किंवा त्याच्याच कृत्याने चौकशी लांबली, पुरावा मिळाला नाही, तर अधिकाऱ्याने कारणं लिहून थकबाकी पूर्ण किंवा अंशतः नाकारावी. कारणं लिहून, हे महत्त्वाचं.

आता त्या निकालातली एक ओळ, जी मला सगळ्यात जास्त विचार करायला लावते. सरकारची अडचण दूर करताना न्यायालय म्हणतं की अधिकाऱ्यांच्या हातात उपाय आहेच: नियमाप्रमाणे त्या माणसाला निलंबित करा, आणि निलंबन झालं की तेवढ्यावरच पाकीट बंद करता येतं.

थांबून बघा इथे काय झालं. दोषारोपपत्राशिवाय पाकीट बंद करायचं नाही, हा नियम कर्मचाऱ्याच्या रक्षणासाठी. पण निलंबनाला दोषारोपपत्र लागत नाही. 'चौकशी योजिलेली आहे' एवढ्यावर निलंबन होतं. पोलीस कोठडीत ४८ तासांपेक्षा जास्त राहिला तर ते आपोआप झालं असं मानतात. म्हणजे १९५७ साली जी गोष्ट शिक्षांच्या यादीतून काढली, तीच १९९१ नंतर बढती अडवण्याची सगळ्यात सोपी किल्ली झाली. निकाल देणाऱ्यांचा हेतू तसा नव्हता, हे उघड आहे. निलंबन गंभीर प्रकरणातच आणि थोड्या दिवसांसाठी होईल, असं त्यांनी गृहीत धरलं.

निकालानंतर केंद्राने १४ सप्टेंबर १९९२ चं परिपत्रक काढलं, जे आजही या विषयाचा कणा आहे. तपासाचं ते मागचं दार बंद झालं आणि तीनच परिस्थिती उरल्या: माणूस निलंबित आहे, किंवा दोषारोपपत्र देऊन विभागीय कारवाई प्रलंबित आहे, किंवा फौजदारी खटला प्रलंबित आहे. यांपैकी एक पुरे. त्यातलं ७ वं कलम मात्र लोकांना नेहमी चकवतं. समितीने शिफारस केली, पाकीट वगैरे काही नव्हतं, पण प्रत्यक्ष बढतीचा आदेश निघायच्या आत यांपैकी काही घडलं, तर शिफारस जणू पाकिटातच होती असं समजायचं. यादीत नाव आलं म्हणून पेढे वाटलेल्या माणसाचं पाकीट असं नंतर बंद होतं. आणि दोषारोपपत्र 'दिलं' म्हणजे काय, हातात पडलं तेव्हा की पाठवलं तेव्हा, यावरही वाद झाला. १९९३ मध्ये दिल्ली विकास प्राधिकरणाच्या एका अभियंत्याच्या खटल्यात न्यायालयाने सांगितलं, पाठवलं तेव्हा. नाहीतर रजेवर जाऊन कुणीही टपाल चुकवू शकेल. बरोबरच आहे.

आपल्या राज्यात १९७६ पासून या विषयावर शासनाचे स्वतंत्र आदेश होते. सध्याचा महत्त्वाचा आदेश म्हणजे सामान्य प्रशासन विभागाचा १५ डिसेंबर २०१७ चा शासन निर्णय. मोहोरबंद पाकीट हा शब्दप्रयोग आणि सारी कार्यपद्धती त्यात आहे. मॅटच्या मुंबई, नागपूर, औरंगाबाद खंडपीठांपुढे या विषयाचे जे अर्ज येतात, त्यांत तो हमखास निघतो.

उरलं ते निलंबनाचं दार. केंद्राने २००४ पासून ९० दिवसांच्या आत आढावा सक्तीचा केला. आढावा वेळेत झाला नाही, तर निलंबन आपोआप संपतं. आणि १६ फेब्रुवारी २०१५ ला न्यायमूर्ती विक्रमजीत सेन यांनी लिहिलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे चालू ठेवता येणार नाही. दिलं असेल तर वाढवताना कारणांसहित आदेश हवा. लांबलेलं निलंबन हे व्यवहारात शिक्षेसारखंच असतं, समाजाची कुजबुज सोसत माणूस घरी बसलेला असतो, हे त्या निकालात स्वच्छ शब्दांत आलं. महाराष्ट्राने ९ जुलै २०१९ ला त्यानुसार शासन निर्णय काढला: ९० दिवसांत दोषारोपपत्र बजावा, नाहीतर निलंबन संपवा.

मग आता पाकिटाचं काय होतं? व्यवहारात दोन गोष्टी दिसतात. एक, नव्वदी भरत आली की घाईघाईने दोषारोपपत्र तयार होतं. निलंबन उठलं तरी दोषारोपपत्र आहेच, त्यामुळे पाकीट बंदच राहतं. फक्त बंद राहण्याचं कारण बदलतं. दुसरं, १९९२ च्या परिपत्रकात आणि आपल्या २०१७ च्या निर्णयातही एक सोय आहे. पहिल्या समितीच्या बैठकीला दोन वर्षं झाली, चौकशी संपली नाही, आणि माणूस आता निलंबित नसेल, तर त्याला तदर्थ बढती देण्याचा विचार करता येतो. आरोप किती गंभीर, त्या पदावर बसून तो पुराव्याला हात लावू शकेल का, चौकशी लांबण्यात त्याचा वाटा आहे का, हे बघून. कर्मचाऱ्याने आपणहून अर्ज करून हे मागावं, कारण कार्यालय होऊन क्वचितच आठवण ठेवतं. केंद्राच्या नियमात दर सहा महिन्यांनी आढावा घ्यायचाही आदेश आहे, तोही मागून घ्यावा लागतो.

पण तदर्थ बढती म्हणजे खुर्ची मिळाली, ज्येष्ठता नाही. आदेशातच लिहिलेलं असतं की ती कधीही काढून घेता येईल. त्या अव्वल कारकुनाचं खरं स्थान कोणतं, ते अजून त्या पाकिटातच आहे, आणि तो ५८ वर्षांचा होईपर्यंत चौकशी संपली नाही, तर मानीव दिनांकाचा उपयोग फक्त निवृत्तिवेतनाच्या आकडेमोडीपुरता उरतो.